‘व्हिक्टोरिया’ आणि ‘रॅम्स’ एकाच छायालेखकाचे कसे? झाँकीच्या रात्रीच्या चित्रीकरणाआधी एक प्रश्न

रामबागची नात (इंदूर)

नमस्कार. मी इंदूरची. गेली तीन वर्षे लग्नांचे आणि संस्थांच्या कार्यक्रमांचे चित्रीकरण करून पोट भरते, आणि येत्या अनंत चतुर्दशीला माझा पहिला लघुपट चित्रित करण्याचे मनात आहे. इंदूरबाहेरच्या वाचकांसाठी सांगते, की आमच्याकडे त्या रात्री कापड गिरण्यांच्या झाँक्या निघतात. गिरण्यांचे भोंगे केव्हाच बंद झाले, पण त्यांच्या गणेशोत्सव समित्यांनी ही सुमारे शंभर वर्षांची परंपरा सोडलेली नाही. दिव्यांनी मढवलेले हलते देखावे, त्यांच्या पुढेमागे लाठी आणि पट्ट्याचे हात करणारे आखाडे, दोन्ही बाजूंना दुकानांच्या पायऱ्यांवर बसलेली माणसे, असा तो सोहळा रात्रभर रस्त्यांवरून सरकत राहतो आणि राजवाड्यापाशी पोहोचता पोहोचता अनेकदा फटफटते.

माझे आजोबा गिरणीच्या विणकाम खात्यात होते. ते गेल्यानंतरही आजी दर वर्षी जेल रोडवरच्या एका बंद दुकानाच्या पायरीवर सतरंजीची घडी घालून बसते, आणि आजोबांच्या गिरणीची झाँकी समोरून गेल्याखेरीज उठत नाही. झाँकी आली की तिच्यामागून चालू लागते आणि राजवाड्यापर्यंत जाऊनच घरी परतते. माझ्या लघुपटाची गोष्ट एवढीच आहे.

दोन वर्षांपूर्वी मी सेबास्टियन शिपर यांचा ‘व्हिक्टोरिया’ हा जर्मन चित्रपट पाहिला आणि त्याने मला अक्षरशः झपाटले. १३८ मिनिटांचा संपूर्ण चित्रपट एकाच अखंड शॉटमध्ये आहे. २७ एप्रिल २०१४ रोजी बर्लिनमध्ये पहाटे साडेचारच्या सुमारास कॅमेरा सुरू झाला आणि सातच्या आत थांबला. हे काम करणारा छायालेखक नॉर्वेचा, स्टुर्ला ब्रांट ग्रोव्हलेन. तेव्हाच ठरवले की माझा लघुपटही अखंड एका शॉटमध्ये करायचा: आजी पायरीवर बसलेली असताना सुरुवात आणि उजाडलेल्या राजवाड्यासमोर शेवट.

त्याच छायालेखकाचे दुसरे काम म्हणून मागच्या महिन्यात ‘रॅम्स’ हा आइसलँडचा चित्रपट पाहिला आणि माझा गोंधळ उडाला. तिथे कॅमेरा जागचा हलतच नाही म्हटले तरी चालेल. दूर कुठेतरी उभा राहून तो दोन म्हाताऱ्या भावांना पाहत राहतो. ज्या माणसाने बर्लिनच्या रस्त्यांवर पळत पळत दोन तासांहून अधिक काळ कॅमेरा हातात धरला, त्यानेच हा थिजलेला चित्रपट टिपला यावर विश्वास बसेना. म्हणून जाणकारांना विचारते: या छायालेखकाची स्वतःची अशी शैली आहे का? असल्यास ती नेमकी कशात आहे? आणि नॉर्वेच्या छायालेखकांचा म्हणून जो मंद, निळसर, तिरपा उजेड आपण पाहतो, तो आपल्याकडे साधता येईल का?

रीळवाला (पुणे, मूळचा इंदूरचा)

रामबागच्या नातीस सप्रेम नमस्कार. आपला प्रश्न वाचून फार आनंद झाला. जेल रोडच्या त्या पायऱ्यांवर मीही लहानपणी आईच्या मांडीवर डोके ठेवून झाँकीची वाट पाहिली आहे. पुढे मी मुंबईला कॅमेरा विभागात साहाय्यक म्हणून बरीच वर्षे काम केले, त्या अनुभवाच्या आधाराने उत्तर देतो.

आधी त्याच्या कारकिर्दीविषयी. ग्रोव्हलेनचा जन्म १९८० चा. तो नॉर्वेचा असला तरी शिकला कोपनहेगनच्या राष्ट्रीय चित्रपट विद्यालयात, आणि तिथून २०११ मध्ये बाहेर पडला. म्हणजे ‘व्हिक्टोरिया’चा कॅमेरा त्याने हातात घेतला, तेव्हा विद्यालय सोडून त्याला जेमतेम तीन वर्षे झाली होती. २०१५ च्या फेब्रुवारीत बर्लिन महोत्सवात त्याला छायालेखनासाठी रौप्य अस्वल हा पुरस्कार मिळाला आणि मे महिन्यात कान महोत्सवात ‘रॅम्स’ने ‘अँ सर्टन रिगार्ड’ विभागाचे मुख्य पारितोषिक पटकावले. ज्या दोन चित्रपटांनी आपल्याला गोंधळात टाकले, ते एकाच वर्षी तीन महिन्यांच्या अंतराने जगासमोर आले, ही गोष्ट मला फार बोलकी वाटते. एका यशाची नक्कल म्हणून दुसरा झाला नाही, किंवा एकाचा कंटाळा आला म्हणून तो दुसरीकडे वळला असेही झाले नाही. दोन्ही रीती त्याच्यापाशी एकाच वेळी होत्या.

आता शैलीविषयी. माझे मत असे आहे की ग्रोव्हलेनची शैली कॅमेऱ्याच्या हालचालीत शोधू नये. प्रत्येक चित्रपटात तो आधी एकच गोष्ट ठरवतो: या माणसांपासून आपण किती अंतरावर उभे राहायचे. एकदा ते अंतर ठरले की लेन्स कोणती, कॅमेरा खांद्यावर की तिपाईवर, उजेड किती, हे सगळे त्याच्यामागून येते.

‘व्हिक्टोरिया’ घ्या. परक्या शहरात राहणारी एक स्पॅनिश मुलगी पहाटे क्लबमधून बाहेर पडते, तिला चार मुले भेटतात, आणि हसतखेळत चाललेली ती सोबत तिला बँकेच्या दरोड्यापर्यंत घेऊन जाते. कॅमेरा या पाच जणांच्या टोळीतला सहावा आहे. ती शिडीने गच्चीवर चढतात तेव्हा तोही चढतो, गाडीत कोंबून बसतात तेव्हा त्यांच्या खांद्याला खांदा लावून बसतो. पटकथा अवघी १२ पानांची होती आणि संवाद बहुतेक तिथल्या तिथे सुचलेले. त्यामुळे पुढचे वाक्य कोण बोलणार हे कॅमेरा धरणाऱ्यालाही ठाऊक नव्हते. कोणाकडे वळायचे, हे त्याला माणसांचे चेहरे वाचूनच ठरवावे लागत होते. पहाटेच्या बंद कॅफेत ती मुलगी पियानो वाजवते, तो प्रसंग पुन्हा पाहा. तोवर गल्लीबोळांतून फिरणारा कॅमेरा तिथे जवळ येऊन जणू श्वास रोखून थांबतो. वाजवणे संपल्यावर मुलाच्या चेहऱ्यावर जे आश्चर्य उमटते, ते टिपायला तो नेमका तिथे हजर असतो. मला त्या १३८ मिनिटांतली सगळ्यात अवघड गोष्ट हे थांबणे वाटते. पळणे त्यामानाने सोपे आहे. या कामाची किंमत दिग्दर्शकानेही ओळखली होती, कारण चित्रपट संपल्यावरच्या श्रेयनामावलीत पहिले नाव ग्रोव्हलेनचे येते. छायालेखकाला हा मान मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

‘रॅम्स’मध्ये दोन सख्खे भाऊ शेजारीशेजारी राहतात आणि ४० वर्षे एकमेकांशी बोललेले नाहीत. चिठ्ठ्यांची देवाणघेवाण कुत्र्याच्या तोंडून होते. मेंढ्यांमध्ये रोग शिरतो आणि सरकारी आदेशाने अख्खे कळप मारावे लागतात. अशा घरांकडे गावकरी कसे पाहतात? आत शिरत नाहीत, कुंपणापाशी उभे राहतात. कॅमेराही तसाच उभा राहतो. थोरला भाऊ दारू पिऊन बर्फात पडून राहतो, तेव्हा धाकटा त्याला यंत्राच्या पुढच्या फावड्यात उचलतो, तसाच इस्पितळाच्या दारापर्यंत नेतो, खाली ओततो आणि निघून जातो. एका शब्दाची देवाणघेवाण नाही. हाच प्रसंग जवळून दाखवला असता तर आपण धाकट्याच्या चेहऱ्यावर माया शोधत बसलो असतो. दुरून पाहताना राग आणि माया एकाच कृतीत मावतात.

२०२० मध्ये त्याचे चार चित्रपट प्रेक्षकांसमोर आले. त्यांतला थॉमस विंटरबर्ग यांचा ‘अनदर राउंड’ आपण पाहिला असेलच, त्याला पुढे परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. त्यातले चार शिक्षक रोज मोजून मापून पिऊ लागतात, आणि पिणे जसजसे वाढत जाते तसतसा हातातला कॅमेराही सैल, लडखडता होत जातो. त्याच वर्षीचा ‘लास्ट अँड फर्स्ट मेन’ अगदी दुसऱ्या टोकाचा आहे. दिवंगत संगीतकार योहान योहानसन यांचा तो एकमेव दीर्घ चित्रपट. जुन्या युगोस्लाव्हियातली काँक्रीटची अजस्र स्मारके १६ मिलिमीटरच्या कृष्णधवल फिल्मवर टिपलेली, आणि पडद्यावर एकही माणूस नाही. जवळ जाण्यासारखे कोणी उरलेच नाही, तर कॅमेरा दगडांभोवती अंतराळातून आल्यासारखा हळूहळू सरकतो. ‘शर्ली’ आणि ‘वेंडी’ हे उरलेले दोन. त्यांत मला इतका रस वाटला नाही, म्हणून त्यांच्याविषयी लिहीत नाही.

एक गोष्ट मात्र जुन्या पिढीचा माणूस म्हणून नोंदवतो. आमच्या काळात ३५ मिलिमीटरच्या कॅमेऱ्याला १,००० फुटांचे मॅगझिन, म्हणजे फिल्मची बंद पेटी, लावले तर ११ मिनिटे मिळत. काळ्या चेंजिंग बॅगेत दोन्ही हात खुपसून, डोळ्यांनी काही न पाहता, केवळ बोटांनी फिल्म चाचपत पुढचे मॅगझिन भरणे हे माझे काम होते. शॉट कितीही रंगला असला तरी अकराव्या मिनिटाला तो थांबवावाच लागे. ‘व्हिक्टोरिया’चा कॅनन सी-३०० हा कॅमेरा मात्र ६४ जीबीच्या एका कार्डावर साधारण १६० मिनिटे ध्वनिमुद्रणासह चित्रित करतो. १३८ मिनिटांचा शॉट शक्य झाला त्यामागे हे साधे गणितही आहे. याने त्या माणसाचे कर्तृत्व उणे होत नाही, पण अखंड शॉट यंत्राने शक्य केला म्हणून प्रत्येक गोष्टीला तो शोभेलच असे नाही. आजीपासून आपण किती अंतरावर उभ्या राहणार, याचे उत्तर आधी शोधावे अशी माझी विनंती आहे.

उत्तरायण (इंदूर)

रीळवाल्यांचे अंतराविषयीचे विवेचन मला पटले. उजेडाविषयीच्या प्रश्नाला मात्र त्यांनी हात घातला नाही, म्हणून मी लिहितो. मी भूगोल शिकवतो आणि छायाचित्रण हा माझा छंद आहे.

प्रथम एक दुरुस्ती. ‘नॉर्वेच्या छायालेखकांचा उजेड’ म्हणून आपण जे पाहतो, त्यातले पुष्कळसे काम नॉर्वेच्या माणसांचे नाही. बर्गमन यांच्या चित्रपटांचे छायालेखक स्वेन निक्विस्ट स्वीडनचे. ऑस्लो शहरावरच्या योआकिम त्रिएर यांच्या चित्रपटांमुळे आपल्याला जो ऑस्लोचा उजेड ठाऊक झाला, तो टिपणारे याकोब इहरे हेही स्वीडनचे, आणि त्रिएर यांच्याच ‘द वर्स्ट पर्सन इन द वर्ल्ड’चे कॅस्पर टुक्सेन डेन्मार्कचे. उजेड हा अक्षांशाचा असतो. तो टिपणाऱ्याच्या पारपत्रावर अवलंबून नसतो.

अक्षांशाचा हिशेब असा आहे. ऑस्लो साधारण ६० अंश उत्तरेला, तर आपले इंदूर २२.७ अंशांवर, कर्कवृत्ताच्या किंचित खाली. डिसेंबरच्या अखेरीस ऐन दुपारी ऑस्लोला सूर्य क्षितिजापासून जेमतेम ७ अंश वर येतो, आपल्याकडे त्याच दिवशी तो ४४ अंशांवर असतो. म्हणजे आपल्याकडे जी उन्हाची तिरीप सकाळी सूर्य उगवल्यानंतर अर्धा-पाऊण तास टिकते, ती तिथे हिवाळ्यात दिवसभर पुरते. चेहऱ्यावर उजेड कायम बाजूने येतो, सावल्या लांबच लांब पडतात, डोळ्यांच्या खोबणीत काळोख साचत नाही. जूनमध्ये आपल्याकडे दुपारी बाराला सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो आणि माणसाचे डोळे त्याच्याच कपाळाच्या सावलीत बुडतात. हा फरक रंग बदलणाऱ्या कोणत्याही संगणकीय साधनाने भरून निघत नाही. चित्राला निळी झाक दिल्याने इंदूरचे ऊन तिरपे होत नाही, ते फक्त आजारी दिसू लागते. आजकालच्या जाहिरातींत हा प्रकार पाहून मला मनापासून वाईट वाटते.

‘व्हिक्टोरिया’च्या पहाटेचा हिशेब याहून महत्त्वाचा आहे. एप्रिलच्या अखेरीस बर्लिनला सूर्योदय पावणेसहाच्या सुमारास होतो, आणि त्याआधी संधिप्रकाश पस्तीस ते चाळीस मिनिटे रेंगाळतो. चित्रीकरण साडेचारला सुरू झाले म्हणजे पहिला अर्धा-पाऊण तास रात्रीचा, मधला तेवढाच झुंजूमुंजूचा आणि पुढचा लख्ख सकाळचा मिळाला. कथाही त्याच क्रमाने नशेतून, मैत्रीतून, भयाकडे जाते. सकाळ झाल्यावर लपायला जागा उरत नाही, हे त्या कथेचे मर्म आहे आणि ते घड्याळ लावून साधलेले आहे.

आपल्याकडे सूर्य क्षितिजाला अधिक काटकोनात वर येतो, त्यामुळे सगळे लवकर उरकते. सप्टेंबरच्या मध्यावर इंदूरला सूर्योदय सव्वासहाच्या आगेमागे होतो, आणि ज्या संधिप्रकाशात दिवे आणि आकाश दोन्ही एकत्र दिसतात तो पुरता पाव तासही हाताला लागत नाही, कारण नागरी संधिप्रकाशच, म्हणजे सूर्य क्षितिजाखाली सहा अंशांच्या आत असतानाचा उजेड, अवघा २२-२३ मिनिटांचा. शिवाय भाद्रपदाचे दिवस. आभाळ भरलेले असले तर तांबडे फुटलेले दिसतच नाही, काळ्याचे एकदम करडे होते. हे करडे मला स्वतःला फार आवडते. झाँकीचे दिवे अजून पेटलेले असतात, ओल्या रस्त्यावर त्यांचे रंग उतरलेले असतात, आणि माणसांचे चेहरे पहिल्यांदाच दिव्यांखेरीज दिसू लागतात. तो आपला उजेड आहे आणि तो ऑस्लोला मिळणार नाही.

उजेडाबाबत ग्रोव्हलेनकडून काही घ्यायचे असेल, तर एस्किल व्होग्ट यांचा २०२१ चा ‘द इनोसंट्स’ पाहावा. उन्हाळ्याच्या सुटीत शहराबाहेरच्या उंच इमारतींच्या वसाहतीत मागे राहिलेल्या लहान मुलांची ती भीतिकथा आहे, आणि सगळे भय लख्ख उजेडात, हिरवळीवर, वाळूच्या खेळात घडते. कॅमेरा मुलांच्या डोळ्यांच्या उंचीवर असतो, त्यामुळे मोठी माणसे बरेचदा कमरेपर्यंतच दिसतात. जिथे सगळ्यांनी अंधार वापरला असता, तिथे त्याने त्या ऋतूत त्या जागी असलेला उजेड तसाच ठेवला.

रामबागची नात (इंदूर)

रीळवाले काका आणि उत्तरायण सर, दोघांचेही मनापासून आभार. काकांनी विचारलेल्या प्रश्नाने मला दोन रात्री झोप लागली नाही. आजीपासून किती अंतरावर? मला वाटत होते की मी नात आहे, म्हणजे अगदी जवळ. पण मागच्या वर्षी चाचणी म्हणून केलेले चित्रण काल पुन्हा पाहिले, तेव्हा वेगळेच दिसले. तेव्हा मी तिच्यासमोर दोन हातांच्या अंतरावर कॅमेरा घेऊन उकिडवी बसले होते. ती सारखी पदर सावरत होती, मध्येच कॅमेऱ्याकडे पाहून ‘चहा घेतलास का’ म्हणत होती. माझ्या हाताला रग लागली म्हणून मी रस्त्यापलीकडच्या कट्ट्यावर जाऊन बसले आणि कॅमेरा चालूच राहिला. तिथून पुढची वीस मिनिटे ती मला विसरली. मध्ये माणसे येत-जात राहिली, एक आखाडा गेला, दोन झाँक्या गेल्या, आणि ती प्रत्येक झाँकीवरचे नाव वाचून पुन्हा मान खाली घालत होती. ते नाव वाचणे मी जवळ असताना एकदाही टिपलेले नाही.

त्याच चित्रणात दोन तांत्रिक दोष आहेत. झाँकीच्या दिव्यांच्या माळा समोरून जाताना चित्रावर आडवे पट्टे सरकतात, आणि देखावा फ्रेममध्ये आला की आजीचा चेहरा एकदम काळा पडतो, देखावा गेला की पुन्हा उजळतो. अखंड शॉटमध्ये हे कसे सांभाळतात?

हातात कॅमेरा (देवास)

ताई, तांत्रिक बाबींपुरते मी सांगतो, कारण मिरवणुका आणि सभांचे चित्रीकरण हेच माझे रोजचे काम आहे.

आडवे पट्टे विजेच्या वारंवारतेमुळे येतात. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची असल्यामुळे दिवे सेकंदाला शंभर वेळा लुकलुकतात. कॅमेरा सेकंदाला २५ फ्रेमवर ठेवून शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर उजेड पडण्याचा वेळ, एक पन्नासांश सेकंदावर बांधून टाकावे. २४ फ्रेमवरच चित्रित करायचे असेल, तर शटरचा कोन १७२.८ अंश ठेवावा, हिशेब तोच होतो. स्वस्त एलईडी माळांना मात्र हा नियम नेहमीच लागू पडत नाही, म्हणून झाँक्या उभ्या असतात तेव्हा आदल्या संध्याकाळी जाऊन प्रत्येकीसमोर अर्धा मिनिट चित्रण करून पाहावे.

चेहरा काळा पडतो कारण कॅमेरा स्वयंचलित ठेवलेला होता. देखावा दिसला की यंत्राला वाटते उजेड वाढला, आणि ते चित्र मंद करते. सगळे हाताने बांधावे, आणि हिशेब आजीच्या चेहऱ्याचा धरावा. देखाव्यातले काही दिवे जळून पांढरे पडले तर पडू द्यावेत, गिरणीचे नाव वाचता आले म्हणजे झाले. ‘व्हिक्टोरिया’च्या सुरुवातीला क्लबमध्ये लुकलुकत्या दिव्यांत माणसे क्षणभर दिसतात आणि नाहीशी होतात, तिथेही दिवे सांभाळण्याचा सोस नाही. सी-३०० चा आयएसओ, म्हणजे उजेड टिपण्याची संवेदनशीलता, खूप वर नेता येतो, त्यामुळे अंधाऱ्या रस्त्यावर रस्त्याचाच दिवा पुरला. आपल्या कॅमेऱ्याची मर्यादा आधी तपासावी. दाणे किती दिसतात ते मोबाइलवर न पाहता मोठ्या पडद्यावर पाहावे.

गिंबल, म्हणजे कॅमेऱ्याचे हिंदकळणे शोषणारे साधन, वापरू नये असे मला वाटते. रशियन दिग्दर्शक सोकुरोव्ह यांचा ‘रशियन आर्क’ २००२ मध्ये आला, संपूर्ण चित्रपट एकच अखंड शॉट, तो स्टेडिकॅमवर, म्हणजे अंगावर बांधलेल्या तशाच साधनावर, केलेला होता आणि त्याला शोभलाही, कारण राजवाड्याच्या दालनांतून एखादा आत्मा तरंगत जावा तशी ती नजर आहे. ‘व्हिक्टोरिया’चा कॅमेरा हातात आहे, त्याला धाप लागते, आणि म्हणून तो माणसाचा वाटतो. आजींच्या मागून चालणाऱ्याचीही पावले जाणवायला हवीत.

आता सर्वांत महत्त्वाचे. ‘व्हिक्टोरिया’ तिसऱ्या प्रयत्नात साधला. आधी दोन वेळा संपूर्ण चित्रपट पहाटेच चित्रित झाला होता, आणि त्यांपैकी एकही दिग्दर्शकाला पुरेसा वाटला नाही. ‘रशियन आर्क’ चौथ्या प्रयत्नात. त्यांना पुन्हा प्रयत्न करता येत होता. आपल्याला दुसरी अनंत चतुर्दशी एक वर्षाने मिळणार. वाटेत कोणी ‘ए, फोटो काढ ना’ म्हणत समोर आले, पाऊस आला, किंवा झाँकीचा जनरेटर बंद पडून तासभर सगळे खोळंबले, तर अखंड शॉट तिथेच संपला. ते सर्व चालेल अशी बांधणी असेल तरच हा बेत करावा. आवाजासाठी स्वतंत्र माणूस ठेवावा. शिपर यांच्याकडे आवाजाची तीन पथके होती, आणि ढोल-ताशांत कॅमेऱ्यावरच्या मायक्रोफोनने काहीही हाती लागत नाही, हे मी वर्षानुवर्षांच्या नुकसानीतून शिकलो आहे.

रीळवाला (पुणे, मूळचा इंदूरचा)

रस्त्यापलीकडच्या कट्ट्याविषयी आपण जे लिहिले, ते वाचून मी क्षणभर थांबलो. आपल्या प्रश्नाचे उत्तर आपल्याच चित्रणात आहे. आजी वाट पाहत असते तोवर ती ‘रॅम्स’मधल्या भावांसारखी आहे. तिच्याजवळ जाण्याचा अधिकार नातीलाही नाही. मधून माणसे गेली, चेहरा झाकला गेला, तरी चालेल. तिची झाँकी येते आणि ती उठते, तेव्हा मात्र कोणीतरी तिच्यासोबत चालायला हवे. तिथे ‘व्हिक्टोरिया’चा कॅमेरा लागेल. दोन्ही अंतरे एकाच लघुपटात येऊ शकतात, आणि एकातून दुसऱ्यात जाण्याचा क्षण आजीच ठरवते.

यात देवासच्या मित्रांची काळजीही बऱ्याच अंशी मिटते. बसलेल्या आजीचे चित्रण तासन्‌तास चालू ठेवता येईल, त्यातले हवे तेवढे घ्यावे. अखंड राहायला हवे ते फक्त उठल्यापासून राजवाड्यापर्यंतचे चालणे.

रामबागची नात (इंदूर)

काका, कट्टा नक्की केला. काल संध्याकाळी तिथे जाऊन बसून पाहिले. पायरी आणि कट्टा यांच्यात एकवीस पावले आहेत. ती उठली की कॅमेरा तिपाईवरून काढून एकवीस पावले रस्ता ओलांडत तिच्यापर्यंत यायचे, आणि हे ओलांडणेही चित्रात ठेवायचे असे ठरवते आहे. तिपाईवरून कॅमेरा सुटताना जो झटका बसेल तो लपवणार नाही. तिपाईची पकड चटकन सुटणारी हवी, माझी फार घट्ट बसते, त्यामुळे रोज रात्री पन्नास वेळा काढ-घाल करण्याचा सराव सुरू केला आहे. आवाजासाठी मावसभाऊ तयार झाला आहे.

उत्तरायण सर, एकच विचारते. राजवाड्यासमोर आम्ही पोहोचलो आणि उजाडायला अजून तासभर असला, तर काय करावे?

उत्तरायण (इंदूर)

तर ते अंधारातच संपू द्यावे. झाँकी किती वाजता कुठे पोहोचेल हे त्या रात्री कोणाच्याच हातात नसते, आणि आजींनी सूर्योदयासाठी थांबावे असे त्यांच्या स्वभावात दिसत नाही. तरीही तयारी म्हणून त्या आठवड्यात दोनदा पहाटे साडेपाचला राजवाड्यासमोर उभे राहून सात वाजेपर्यंत दर पाच मिनिटांनी एकाच जागेवरून, एकाच एक्स्पोजरवर छायाचित्र घ्यावे. रस्त्यावरचे दिवे नेमके कधी मालवतात तेही लिहून ठेवावे. माझ्या वहीत मागच्या सप्टेंबरच्या तीन पहाटांची अशी नोंद आहे. त्यांतल्या दोन दिवशी आभाळ होते. हवी असल्यास रविवारी सकाळी कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांपाशी घेऊन येतो.